सर्बियन घरी स्लावाला जायचंय? मग आधी एवढं वाचून घ्या

बेलग्रेड, नोवी साद, बान्या लुका किंवा अगदी व्हिएन्नातल्या एखाद्या सर्बियन कुटुंबाशी ओळख असली ना, की आज ना उद्या कानावर येणारच की अमक्या तारखेला आमची स्लावा आहे, या. हे वाढदिवसाच्या पार्टीसारखं हलक्यात घेऊ नका. स्लावा म्हणजे घराण्याच्या संताचा दिवस, बापाकडून मुलाकडे आलेला, लग्नानंतर बायको सहसा नवऱ्याचीच स्लावा धरते, थोडक्यात आपल्या कुलदैवतासारखं प्रकरण आहे त्यामुळे मराठी माणसाला ते समजायला वेळ लागत नाही. युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत सर्बियाची पहिली एन्ट्री २०१४ साली झाली ती याचीच. सर्बियात कायद्यानंच ऑर्थोडॉक्स ख्रिश्चन कर्मचाऱ्याला आपल्या स्लावाच्या पहिल्या दिवशी सुट्टीचा हक्क आहे, म्हणजे त्या दिवशी ऑफिसमधून कितीही फोन आले तरी चालतं.

सर्ब लोक कोण, कुठून आले, आत्ता कसे जगतात हे समजून घ्यायचं असेल तर स्लावाच्या जेवणाच्या टेबलासारखी दुसरी जागा नाही असं माझं मत आहे. पण तयारीने गेलं तर. नाहीतर तुम्ही नुसतं जेवून परत याल (जेवण भारी असतं, तक्रार नाही).

आधी तारीख तपासा

सर्बियन चर्च जुनं ज्युलियन कॅलेंडर पाळतं, ते आपल्या नेहमीच्या कॅलेंडरच्या १३ दिवस मागे आहे. म्हणून त्यांचा ख्रिसमस ७ जानेवारीला, आणि सेंट निकोलसचा दिवस तुम्ही गूगल केलात तर ६ डिसेंबर दिसेल पण सर्बियन निकोल्यदान असतो १९ डिसेंबरला. एकदा कळलं की सोपं आहे. निकोल्यदान ही सगळ्यात कॉमन स्लावा, त्याशिवाय २१ नोव्हेंबरचा आरांजेलोवदान, २० जानेवारीचा यॉवान्यदान, ६ मेचा जुर्जेवदान या खूप घरांत असतात. २७ जानेवारीला संत सावा, ती शाळांची पण स्लावा. हो, शाळांची, शहरांची, कंपन्यांची सुद्धा स्लावा असते, बेलग्रेड शहराची असते स्पासोवदानला, म्हणजे येशूच्या स्वर्गारोहणाच्या सणाला.

दुसरी गोष्ट विचारून घ्यायची ती म्हणजे स्लावा 'पोस्ना' आहे का 'म्रस्ना'. पोस्ना म्हणजे उपवासाची, मांस, दूध, अंडी काही नाही, फक्त मासे चालतात. म्रस्ना म्हणजे सगळं. २८ नोव्हेंबर ते ६ जानेवारी ख्रिसमसचा मोठा उपवास असतो त्यामुळे निकोल्यदान कायम पोस्नाच, आणि एरवीही संताचा दिवस बुधवारी किंवा शुक्रवारी आला तर चर्चच्या नियमाने बहुतेक वेळा पोस्नाच. तुम्ही शाकाहारी असाल तर डोळे झाकून निकोल्यदानवालं घर निवडा. म्रस्ना घरात "मी मांस खात नाही" म्हटलं की बरं, मग चिकन वाढते असं उत्तर मिळू शकतं, आणि ते पूर्ण प्रेमाने म्हटलेलं असतं. म्हणून हे दारात सांगू नका, दोनचार दिवस आधी सांगा.

आमंत्रणाबद्दल पण एक गोम आहे. जुन्या रीतीप्रमाणे स्लावाला बोलावत नाहीत, ज्याला यायचं तो येतो, घरमालक दार उघडं ठेवतो. आता शहरात फ्लॅट छोटे, वेळा ठरलेल्या, म्हणून मेसेज येतो, पण गावाकडचे म्हातारे लोक अजूनही "तुला तारीख माहीत नाही का" एवढंच म्हणतात. परदेशी माणसाला मात्र मुद्दाम सांगतात, आणि एकदा सांगितलं की ते पुढच्या सगळ्या वर्षांसाठी असतं हे लक्षात ठेवा. पुढच्या वर्षी मेसेज आला नाही म्हणून रुसून घरी बसायचं नाही, जायचं. जमणार नसेल तर निदान फोन करायचा.

हातात काय, तोंडात काय

रिकाम्या हाताने जायचं नाही. वाइनची बाटली, चांगली कॉफी, चॉकलेटचा बॉक्स, यातलं काहीही चालतं, लोक बहुतेक हेच नेतात. फुलं न्यायची तर विषम संख्येत, सम संख्येची फुलं अंत्यविधीला नेतात. घरात लहान मुलं असतील तर त्यांच्यासाठी वेगळं काहीतरी. फार महागडं काही नेऊ नका, यजमान अवघडतो.

दारात "स्रेच्ना स्लावा, डोमाचिने" म्हणा, म्हणजे यजमानाला स्लावाच्या शुभेच्छा. उच्चार चुकला तरी चालतो, प्रयत्न केला की घर खूश. जवळची माणसं गालाला गाल लावून तीन वेळा मुके घेतात, तीन, दोन नाही, दोनवर थांबलात तर समोरचा तोंड पुढे करून तसाच उभा राहतो. ओळख नवी असेल तर हात मिळवणं पुरतं. बूट काढायला लागा, कदाचित ते "असू द्या असू द्या" म्हणतील, तरी काढा, घरातल्या चपला म्हणजे पापुचे देतील त्या घाला.

गहू, मेणबत्ती, ब्रेड

आत गेल्यावर लगेच खुर्ची पकडू नका. टेबलाजवळ एक ट्रे असतो, त्यात झितो. उकडून वाटलेला गहू, त्यात अक्रोड आणि साखर, वरून पिठीसाखरेचा पांढरा थर आणि त्यावर अक्रोडाने काढलेला क्रॉस. शेजारी स्वच्छ चमचे, आणि एक पाण्याचा ग्लास. एक चमचा उचलायचा, एकच घास घ्यायचा, आणि वापरलेला चमचा त्या पाण्याच्या ग्लासात टाकायचा, परत भांड्यात घालायचा नाही. जे ख्रिश्चन आहेत ते आधी स्वतःवर क्रॉसची खूण करतात, तुम्ही नाही केली तर कोणी काही म्हणत नाही. हा गहू मेलेल्या पूर्वजांच्या आठवणीचा असतो. आरांजेलोवदानला काही घरांत तो ठेवतच नाहीत कारण मुख्य देवदूत मिखाएल कधी मेलाच नाही असं लोक म्हणतात, चर्चचं म्हणणं वेगळं आहे, पण आजीपुढे चर्चचं किती चालतं ते तुम्हाला माहीतच आहे.

मधोमध कोलाच, सजवलेला गोल ब्रेड, वर पिठाचेच पक्षी, द्राक्षं, गव्हाच्या ओंब्या. आणि एक उंच मेणबत्ती जी दिवसभर जळते. सकाळी पाद्री घरी येतो किंवा घरातले ब्रेड चर्चमध्ये घेऊन जातात, ब्रेडवर क्रॉसच्या आकारात काप देतात, त्यात लाल वाइन ओततात, मग सगळे मिळून तो हातात धरून गोल फिरवतात आणि शेवटी मोडतात. तुम्हाला हात लावायला बोलावलं तर जा, लाजू नका. न बोलावता पुढे घुसू नका. फोटो काढायचे तर विचारा, जेवणाचे कोणी अडवत नाही पण प्रार्थना चालू असताना मोबाईल खिशात.

जुन्या वळणाच्या घरात यजमान दिवसभर बसत नाही, उभा राहून पाहुण्यांना वाढतो. त्याला "अहो बसा ना" असा आग्रह करत बसू नका, तो त्याचा मान आहे.

जेवण

इथे सगळे नवखे एकाच जागी फसतात. पहिल्यांदा येतं ते चीज, दाट सायीसारखं काय्माक, सुकवलेलं मांस, भाजलेल्या लाल मिरचीचं आयवार, मक्याची प्रोया, आणि माणसाला वाटतं हेच जेवण. नाही हो. मग सूप येतं, मग सारमा म्हणजे आंबवलेल्या कोबीच्या पानात भात आणि खिमा गुंडाळून तासन् तास शिजवलेला, मग भाजलेलं डुक्कर किंवा कोकरू, मग केक, आणि केक म्हणजे एक नाही, सातआठ प्रकारच्या छोट्या वड्या. पोस्ना घरात हेच सगळं माशांवर आणि प्रेब्रानात्सवर, जो ओव्हनमध्ये कांद्याबरोबर हळूहळू भाजलेला पांढऱ्या घेवड्याचा पदार्थ आहे आणि मला विचाराल तर अख्ख्या टेबलावरची सगळ्यात चांगली गोष्ट तीच. तर पहिल्या फेरीत थोडंच घ्या. ताट रिकामं केलंत की भरलं जाणार, म्हणून शेवटी एक घास ठेवून द्यायचा.

राकिया, म्हणजे फळांची कडक दारू, सुरुवातीलाच येते. बहुतेक वेळा प्लमची, श्लिवोवित्सा, घरची किंवा मामाच्या गावची, आणि ती कुठल्याही दुकानातल्यापेक्षा भारी आहे असं ऐकवलं जाईल. (२०२२ मध्ये श्लिवोवित्साही युनेस्कोच्या यादीत गेली, हे तुम्ही बोललात तर टाळ्या मिळतील.) ग्लास उचलायचा, समोरच्याच्या डोळ्यात बघायचं, "झिवेली" म्हणायचं, आणि घोट घोट प्यायची. एका दमात मारायची नाही, ते टुरिस्ट करतात. पीत नसाल तर सरळ नाही म्हणा, गोलगोल बोलू नका, एकदोनदा आग्रह होईल मग ज्यूस येईल.

बोलणं सुरू झालं की

दुसऱ्या ग्लासानंतर इतिहास निघतोच, त्याला इलाज नाही. तेव्हा कोरं डोकं घेऊन बसू नका.

सर्ब ही स्लाव जमात, सहाव्या सातव्या शतकात बाल्कनमध्ये आली. बाराव्या शतकात स्टेफान नेमान्यानं राज्य उभं केलं, त्याचा धाकटा मुलगा रास्तको घर सोडून संन्यासी झाला, तोच संत सावा, त्यानं १२१९ मध्ये सर्बियन चर्चला स्वतंत्र दर्जा मिळवून दिला. त्याच वंशातल्या दुशाननं १३४६ मध्ये स्कोप्येत सम्राट म्हणून मुकुट घातला आणि तीन वर्षांनी लिखित कायदा दिला. दुशान गेला आणि साम्राज्य विस्कटलं. १३८९ ला कोसोवोच्या मैदानावर ऑटोमन म्हणजे तुर्की सैन्याशी लढाई झाली, त्यात सर्बांचा शासक प्रिन्स लाझार पण मेला आणि सुलतान मुराद पण. राज्य खऱ्या अर्थाने संपलं १४५९ ला स्मेदेरेवो पडल्यावर, पण लोकांच्या मनात, गाण्यांत, चित्रांत सगळं १३८९ लाच घडलं. तुम्ही तिथे "पण तांत्रिकदृष्ट्या" असं काही सुरू करू नका.

या पुढच्या साडेतीनशे वर्षांत ना राजा होता ना दरबार. होतं काय तर चर्च, गुस्ले नावाच्या वाद्यावर गायलेल्या वीरकथा, आणि घराघरातली ही स्लावा. ऑटोमनांनी संत सावाच्या अस्थी सोळाव्या शतकाच्या शेवटी बेलग्रेडला आणून जाळल्या, आज बेलग्रेडच्या व्राचार भागात जे प्रचंड मोठं पांढरं चर्च दिसतं ते त्याच आठवणीत बांधलंय. १६९० मध्ये धर्मगुरू आर्सेनिये चार्नोयेविचच्या मागे हजारो कुटुंबं कोसोवो सोडून उत्तरेला हॅब्सबर्ग म्हणजे ऑस्ट्रियन हद्दीत गेली, म्हणून नोवी सादकडचे सर्ब आणि दक्षिणेचे सर्ब यांच्या बोलण्या वागण्यात आजही फरक दिसतो.

१८०४ ला ओराशाच गावात काराजोर्जेच्या पुढाकाराने ऑटोमनांविरुद्ध उठाव झाला, १८१५ ला मिलोश ओब्रेनोविचनं दुसरा केला, आणि मग १८१७ मध्ये मिलोशच्याच सांगण्यावरून काराजोर्जेचा खून करून त्याचं डोकं इस्तंबूलला पाठवलं गेलं. या दोन घराण्यांचं वैर पुढे जवळजवळ शंभर वर्षं चाललं, १९०३ मध्ये राजा आलेक्सांदार ओब्रेनोविच आणि राणी द्रागा यांना त्यांच्याच अधिकाऱ्यांनी राजवाड्यात घुसून मारलं. टेबलावर कोणाचं तरी आडनाव मध्य सर्बियातल्या शुमादिया भागातलं असेल तर विचारून बघा तुमचे पूर्वज कोणाच्या बाजूचे, रात्र सरेल. मधल्या काळात भाषातज्ञ वूक काराजिचनं "जसं बोलता तसं लिहा" म्हणत भाषा आणि लिपी सरळ केली, म्हणून सर्बियन सिरिलिक एकदा शिकली की काहीही वाचता येतं. आठवडाभर रोज थोडा वेळ दिला तर जमेल, आणि यजमानाच्या आईला तिच्या स्लावाच्या संताचं नाव चित्रावरून वाचून दाखवलंत तर तुमचं काम झालं.

एक तारीख मात्र पाठच करा, २८ जून, विदोवदान. कोसोवोची लढाई आठवतात ती याच दिवशी. १९१४ मध्ये सारायेवोत गाव्रिलो प्रिन्सिपनं ऑस्ट्रियाच्या आर्चड्यूकला गोळी घातली ती याच दिवशी. १९८९ मध्ये सर्बियाचा तेव्हाचा नेता मिलोशेविचनं कोसोवोत ते गाजलेलं भाषण केलं ते याच दिवशी, आणि २००१ मध्ये त्याला हेगच्या युद्धगुन्ह्यांच्या कोर्टाच्या ताब्यात दिलं तेही याच दिवशी. सर्ब माणूस हे सांगताना थोडं हसतो, थोडं नाही.

पहिल्या महायुद्धाने सर्बियाची फार मोठी लोकसंख्या खाल्ली, १९१५ च्या हिवाळ्यात अख्खं सैन्य अल्बेनियाचे बर्फाचे डोंगर पायी ओलांडून समुद्राकडे गेलं, वाचलेले कोर्फू बेटावर पोचले. ६ एप्रिल १९४१ ला जर्मन बॉम्बनी बेलग्रेडची नॅशनल लायब्ररी जळाली. दुसऱ्या महायुद्धातल्या क्रोएशियातल्या यासेनोवाच छळछावणीचं नाव निघालं तर गप्प ऐका, तिथे सर्ब, ज्यू, रोमा मारले गेले आणि आकड्यांवरून अजून भांडणं होतात, तो वाद पाहुण्याने ओढून घ्यायचा नाही.

मग टिटोचा कम्युनिस्ट युगोस्लाविया. पार्टी मेंबर असलेला बाप स्लावा उघडपणे करत नसे, गावी आजी मात्र करायची आणि सगळे "सहज" त्याच दिवशी गावी जायचे, अशा गोष्टी बऱ्याच घरांत ऐकायला मिळतील आणि त्या मुद्दाम विचारण्यासारख्या आहेत. म्हातारी माणसं इथे भारताचा विषय काढतील, १९६१ ची अलिप्त राष्ट्रांची पहिली परिषद बेलग्रेडलाच झाली आणि नेहरू आले होते.

नाजूक भाग

नव्वदचं दशक. यात एक सोपी वाट आहे, पैशाची. १९९३ च्या शेवटी ५०० अब्ज दिनारची नोट निघाली होती, तिच्यावर कवी आणि डॉक्टर योवान योवानोविच झ्मायचा फोटो, आणि जानेवारी १९९४ ला महागाईचा महिन्याचा दर ३१ कोटी टक्क्यांच्या वर होता. बहुतेक घरांत एखादी नोट ड्रॉवरमध्ये असते. विचारा, काढून दाखवतील, पगार हातात पडला की धावत जाऊन जर्मन मार्क घ्यायचे, उद्यापर्यंत थांबलं तर त्यात अंडी पण येणार नाहीत वगैरे सगळं सांगतील. लोक यावर हसून बोलतात.

युद्धावर हसत नाहीत. १९९५ मध्ये क्रोएशियातून दोन लाखांच्या आसपास सर्ब ट्रॅक्टर आणि गाड्यांवर सामान टाकून बाहेर पडले, तुमचा यजमान त्यांच्यातला असू शकतो, आणि संताचं चित्र त्या ट्रॅक्टरवरून आलेलं असू शकतं. त्याच वर्षी जुलैत बॉस्नियन सर्ब सैन्याने स्रेब्रेनित्सात आठ हजारांच्या आसपास बोस्नियाक (बॉस्नियन मुस्लिम) पुरुष आणि मुलं मारली, आंतरराष्ट्रीय न्यायालयांनी त्याला वंशसंहार म्हटलंय, सर्बियाचं सरकार तो शब्द वापरत नाही. हे दोन्ही तुम्हाला माहीत असायला हवं. स्लावाच्या टेबलावर आपण होऊन काढायचं नाही, कोणी काढलं तर खोटं हो ला हो पण करायचं नाही, ऐकून घ्यायचं. १९९९ चे नाटोचे ७८ दिवसांचे बॉम्ब तर पस्तिशीच्या पुढच्या प्रत्येकाला स्वतःचे आठवतात, कोण कुठल्या तळघरात होता इथपर्यंत. कोसोवोनं २००८ मध्ये स्वातंत्र्य जाहीर केलं, सर्बिया मानत नाही, भारतानेही मान्यता दिलेली नाही, आणि हे यजमान तुम्हाला आठवणीने ऐकवेल. देचानी, ग्राचानित्सा, पेच असे त्यांचे खूप जुने आणि महत्त्वाचे मठ तिकडे आहेत हे लक्षात घेतलं की त्यांचा आवाज का चढतो ते कळतं.

शास्त्रज्ञ निकोला टेस्लाचं पण सांभाळून. जन्म स्मिल्यानचा, ते गाव आज क्रोएशियात, घर सर्ब, बाप ऑर्थोडॉक्स पाद्री. १०० दिनारच्या नोटेवर तोच आहे, बघा आणि पुढे चला.

तरुण मंडळींकडे सरकलात तर विषय वेगळे. १ नोव्हेंबर २०२४ ला नोवी साद रेल्वे स्टेशनचं काँक्रीटचं छत कोसळलं, १६ जण गेले, आणि विद्यार्थ्यांनी विद्यापीठं बंद पाडली, छत पडलं त्या वेळेला म्हणजे ११:५२ ला रस्ते अडवून आधी १५ आणि सोळावा बळी गेल्यावर १६ मिनिटं शांत उभे राहायचे. पंतप्रधानांना राजीनामा द्यावा लागला. एकाच टेबलावर काका एका बाजूचा आणि भाची दुसऱ्या बाजूची असं दिसेल, तुम्ही सारमा मागा. बाकी योकिचचा बास्केटबॉल, जोकोविच, जर्मनीत नर्स म्हणून गेलेली बहीण, फ्लॅटचं वाढलेलं भाडं, हे सगळ्या घरांतले विषय. २०११ च्या जनगणनेत ७२ लाखांच्या आसपास असलेली लोकसंख्या २०२२ ला साडेसहासष्ट लाखांवर आली (कोसोवो सोडून), त्यामुळे स्लावाला व्हिडिओ कॉलवर दोनचार खुर्च्या भरलेल्या असतातच.

निघताना

तासाभरात पळू नका, ते वाईट दिसतं, आणि मध्यरात्रीपर्यंत बसायची पण गरज नाही. पण १९ डिसेंबर असेल तर तुम्हाला तीन घरी जायचं असू शकतं कारण त्या दिवशी निम्मी सर्बिया स्लावा करते आणि उरलेली निम्मी जेवायला फिरते. मग पहिल्या घरी झितो, एक राकिया आणि सूप, तिथेच सांगून टाका अजून दोन ठिकाणी जायचंय, ते समजतात. पोटभर जेवण शेवटच्या घरी. उशिरा परत एकदा कॉफी आली की समजा बैठक उठायला आली, ती तुर्की काळापासूनची पाहुण्यांना उठवायची सभ्य पद्धत आहे. दारात अजून एक राकिया देतील, वाटेसाठी, आणि हातात केकचा डबा. डबा घ्या, तो प्लास्टिकचा असला तरी नंतर आठवणीने परत करा, आणि रिकामा परत करू नका. गाडी मात्र नेऊच नका, बेलग्रेडमध्ये १ जानेवारी २०२५ पासून शहरातल्या बस, ट्राम, ट्रॉलीबस सगळ्यांना फुकट आहेत, तिकीट काढायची पण कटकट नाही.